पोटासाठी म्हणजे कोणत्या पोटासाठी?

(जुन्नर आणि आंबेगाव तालुक्यांतील महिला मंडळांच्या एकत्रित शिबिरात केलेल्या भाषणाचा मजकूर. बोलण्याची भाषा शक्यतो तशीच ठेवली आहे.)

सकाळच्या सत्रात आपण शेतमजुरी आणि रोजगार हमीवर बोललो. आता मी तुमच्याशी गाण्याबद्दल बोलणार आहे. काहीजणींना वाटेल, आता जरा करमणूक. पण गाणं हेसुद्धा काम आहे. ते करणाऱ्या बाईचा घसा दुखतो, पाय सुजतात, तिला भूक लागते, दिवस जातात. म्हणून हे सत्रही मजुरीचंच आहे असं समजा. सुरुवात मी फार लांबच्या एका गाण्यापासून करणार आहे आणि तिथून नारायणगावला येणार आहे.

इंडोनेशियात पश्चिम जावा नावाचा प्रांत आहे. तिथल्या गारुत जिल्ह्यातलं सिंगाजाया हे डोंगरातलं गाव. २०१४ साली तिथल्या मुस्लिम शाळेतल्या तीन मुलींनी एक बँड काढला. फिरदा मार्स्या कुर्निया गाते आणि गिटार वाजवते, विदी रहमावती बेस गिटार वाजवते आणि एउइस सिती आइशा ड्रम वाजवते. त्यांच्या शाळेत मुलांना सल्ला देणारे एक शिक्षक होते. त्यांनी या मुलींच्या हातात वाद्यं दिली आणि मेटल संगीत ऐकवलं. मेटल म्हणजे काय, असं मघाशी एका काकूंनी विचारलं. विजेवरच्या गिटारी आणि ड्रम जोरजोरात वाजतात, गाणारी कधी गाते, कधी ओरडते. हलगीवाल्याच्या अगदी जवळ उभं राहिलं की छातीत जसा ठोका बसतो, तसं ते संगीत आहे. बँडचं नाव ‘व्हॉइस ऑफ बाचेप्रोत’. बाचेप्रोत हा त्यांच्या सुंदानी भाषेतला शब्द आहे आणि त्याचा अर्थ गोंगाट करणारी, फार बोलणारी. आपल्याकडे मुलीला ‘किती गं वटवट करतेस’ म्हणतात ना, तोच शब्द त्यांनी बँडला लावला.

डोक्याला रुमाल बांधलेल्या मुली असलं संगीत वाजवतात म्हणून गावातली, धर्मातली माणसं चिडली. धमक्या आल्या. दुसऱ्या बाजूने परदेशी पत्रकार आले. त्यांना संगीतापेक्षा डोक्यावरच्या रुमालाचंच कौतुक जास्त. घरचे म्हणाले गाणं सोडा, बाहेरचे विचारू लागले रुमाल कधी सोडणार. मुलींनी दोन्ही चालू ठेवलं. २०२२ साली त्यांनी एक सुटं गाणं काढलं, ‘(नॉट) पब्लिक प्रॉपर्टी’. म्हणजे सार्वजनिक मालमत्ता नव्हे. बाईचं शरीर ही कुणी यावं, बघावं, हात लावावा, वर तिलाच दोष द्यावा अशी जागा नाही, हे त्या गाण्याचं सांगणं आहे. आपल्या भाषेत सांगायचं तर बाईचं अंग म्हणजे गावचं गायरान नव्हे. त्याच वर्षी एप्रिलमध्ये इंडोनेशियाच्या संसदेने लैंगिक हिंसेविरुद्धचा कायदा मंजूर केला. तिथल्या स्त्री संघटना त्यासाठी कित्येक वर्षं झगडत होत्या. पुढे २०२४ साली या तिघी इंग्लंडमधल्या ग्लॅस्टनबरी महोत्सवात वाजवून आल्या. तिथे वाजवणारा तो इंडोनेशियाचा पहिला बँड.

हे सगळं मी तुम्हाला का सांगते आहे? त्या गाण्यातल्या ‘सार्वजनिक मालमत्ता’ या शब्दांपाशी मला थांबायचं आहे. गावातला हातपंप आठवा. एसटी स्टँडवरची मुतारी आठवा. सार्वजनिक गोष्टीचं वैशिष्ट्य काय? वापरायला सगळे येतात. मोडली तर दुरुस्त करायला कुणीच येत नाही. बाईच्या शरीराला सार्वजनिक समजण्याचेही असेच दोन भाग आहेत. बघायला, शिट्टी मारायला, हात लावायला सगळे हक्काने येतात, हा पहिला भाग. ते शरीर आजारी पडलं, गरोदर झालं, म्हातारं झालं की ती कुणाचीच जबाबदारी नसते, हा दुसरा. पहिल्या भागाबद्दल आपण चळवळीत पुष्कळ बोलतो. दुसऱ्या भागाबद्दल बोलायला जावाला जायची गरज नाही. पुणे–नाशिक रस्त्यावर नारायणगावला उतरलं की पुरे.

नारायणगावला तमाशाची पंढरी म्हणतात, हे तुम्हाला मी सांगायला नको. गुढीपाडव्याच्या सुमारास तिथे फडांच्या राहुट्या लागतात. गावोगावची जत्रा कमिटी येते, फड बघते, भाव ठरवते, सुपारी देते. दसऱ्याला फड बाहेर पडतात, चैत्र-वैशाखात जत्रांचा जोर असतो आणि बुद्धपौर्णिमेच्या आसपास हंगाम उतरतो. कलाकारांना हंगामाआधी उचल मिळते, ऊसतोडीच्या टोळीला मिळते तशीच. उचल घेतली की हंगाम पुरा करावा लागतो. रात्री खेळ, पहाटे तंबू उतरवायचा, गाडीत झोपायचं, दुसऱ्या गावी पुन्हा तंबू. दोन-दोन महिने रोजचं गाव वेगळं.

याच नारायणगावच्या विठाबाई. विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर. त्यांचं पूर्ण नाव मी मुद्दाम घेते, कारण त्यांनी स्वतः जात लपवली नाही. आजोबा नारायण खुडे यांनी फड काढला, वडील भाऊ आणि चुलते बापू यांनी तो चालवला. विठाबाईंचा जन्म १९३५ साली पंढरपूरला झाला. शाळेपेक्षा लहानपण बोर्डावरच गेलं. पुढे फड त्यांच्या नावावर चालू लागला. १९६२च्या चीन युद्धाच्या काळात त्या सीमेवरच्या जवानांपुढे कार्यक्रम करून आल्या. १९५७ साली आणि १९९० साली, असा दोनदा राष्ट्रपतींकडून त्यांचा सन्मान झाला.

आपण पोटासाठी नाचतो, मग कुणाची पर्वा कशाला करायची, अशा अर्थाची एक लावणी विठाबाईंच्या नावाशी कायमची जोडली गेली आहे. तुमच्यापैकी अनेकींना ती तोंडपाठ असेल. या लावणीच्या मागे म्हणून सांगितली जाते ती गोष्टही तुम्ही ऐकली असेल. विठाबाईंना नववा महिना होता आणि खेळ चालू होता. मधेच कळा सुरू झाल्या. त्या पडद्यामागे गेल्या, बाळंत झाल्या, दगडाने नाळ तोडली आणि पदर खोचून पुन्हा नाचायला उभ्या राहिल्या. प्रेक्षकांच्या लक्षात आलं की मघाशी दिसत होतं ते पोट आता दिसत नाही. काय घडलं ते कळल्यावर लोकांनी हात जोडले आणि त्यांना विश्रांती घ्यायला सांगितलं.

मैत्रिणींनो, ही गोष्ट मी कमीत कमी वीस वेळा ऐकली असेल. सभेत ऐकली, सत्कारात ऐकली, महिलादिनाच्या भाषणांत तर हमखास ऐकली. सांगणारा ती दगडापर्यंत आणतो, आवाज भरून येतो, टाळ्या पडतात आणि मग चहा. मला विठाबाईंच्या धैर्याबद्दल काहीही कमी बोलायचं नाही. माझ्यात त्या धैर्याचा शंभरावा हिस्सा नाही. पण समाजकार्याचं शिक्षण घेताना आम्हाला एक सवय लावली होती. कुणाच्या सोसण्याची गोष्ट ऐकली की आधी विचारायचं, हे सोसावं का लागलं? तो प्रश्न या गोष्टीला लावून बघू.

नववा महिना भरलेली बाई बोर्डावर का होती? कारण त्या उभ्या राहिल्या नसत्या तर लोक तिकिटाचे पैसे परत मागायला आले असते. पडद्यामागे सुईण का नव्हती? कारण फडात ढोलकीवाला लागतो, सोंगाड्या लागतो, आचारी लागतो, तंबू ठोकणारे लागतात आणि या सगळ्यांचा हिशोब सुपारीत धरलेला असतो. बाळंतपणाचा हिशोब कुणी धरलेला नसतो. दगडच का? कारण उकळलेली कात्री आणून देणारं जवळ कुणी नव्हतं. आणि त्या रात्री त्यांना रजा कुणी दिली? प्रेक्षकांनी. सरकारने नाही, कायद्याने नाही. तिकीट काढून आलेल्या माणसांना दया आली म्हणून. दया आली हे चांगलंच झालं. पण दुसऱ्या गावात, दुसऱ्या रात्री, दारू प्यालेल्या प्रेक्षकांना ती आली नसती तर?

म्हणून मी म्हणते, त्या लावणीतला ‘पोट’ हा शब्द नीट ऐका. आपल्या भाषेत भुकेचंही पोट आणि बाळाचंही पोटच. ‘पोटुशी’ हा शब्द त्यातूनच आला. पुरुष जेव्हा पोटासाठी काम करतो तेव्हा त्याला एकच पोट असतं. बाईला दोन असतात आणि एक भरायचं तर दुसरं लपवावं लागतं. गरोदर आहे असं कळलं तर पुढच्या हंगामाला घेणार नाहीत, उचल मिळणार नाही. हे फडातच आहे असं नाही. आपल्याकडे टोमॅटोच्या खुड्याला जाणारी बाई पाचव्या महिन्यापर्यंत मुकादमाला सांगत नाही, कारण सांगितलं की जड क्रेट उचलायला दुसरी आणतात. बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायांच्या गर्भपिशव्या काढल्या जातात हे २०१९ साली उघड झालं. सरकारने नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. पाळी आली, दिवस गेले की खाडा पडतो, खाड्याचा दंड बसतो. मग त्या बायांनी काय करायचं? एका पोटासाठी दुसरं काढून टाकायचं? विठाबाईंची गोष्ट आणि ऊसतोडीची गोष्ट मला एकाच रस्त्यावरची दोन गावं वाटतात.

आता कायद्याकडे येऊ. कायदा नाही असं नाही. १९६१ सालचा मातृत्व लाभ कायदा तुम्हाला माहीत आहे. त्यात आधी कारखाने, खाणी, मळे होते. १९७३च्या दुरुस्तीने घोड्यांचे खेळ, कसरती आणि इतर खेळ करून दाखवणाऱ्या आस्थापनाही त्यात आल्या. म्हणजे सर्कशीतल्या बाईचं बाळंतपण कायद्याने मानलं. ‘इतर खेळ’ या शब्दांत तंबूतला तमाशा बसवता आला असता, असं माझं मत आहे. २०१७ला पहिल्या दोन मुलांसाठीची रजा १२ आठवड्यांवरून २६ आठवडे झाली. बाळंतपणानंतरचे सहा आठवडे बाईला कामावर घेताच येत नाही, हेही त्या कायद्यात होतं. आता २०२०ची सामाजिक सुरक्षा संहिता नोव्हेंबर २०२५पासून लागू झाली आहे आणि हे लाभ तिच्यात घेतले आहेत. दहा किंवा जास्त माणसं कामाला असलेल्या आस्थापना तिच्यात येतात. आधीच्या बारा महिन्यांत ८० दिवस काम केलेलं असावं लागतं. आता सांगा, दसरा ते बुद्धपौर्णिमा किती दिवस होतात? सात महिने. ऐंशी दिवस तर संक्रांतीच्या आत भरतात. आणि ढोलकी फडात दहा माणसं? तेवढी तर नुसती तंबूची दोरी धरायला लागतात.

मग अडतं कुठे? हजेरीपट नाही. नेमणुकीचा कागद नाही. उचलीच्या चिठ्ठीवर अंगठा आहे, पण त्या चिठ्ठीत बाईचं काम काय, किती दिवस, किती पगार हे लिहिलेलं नाही. कागदावर बाई कामगारच नाही. फडातली एक मुलगी मला म्हणाली, “ताई, आमचं नाव नुसतं पोस्टरवर असतं.” हे वाक्य मी माझ्या वहीत लिहून ठेवलं आहे.

सरकारी दवाखान्याचंही तेच. अशाच एका फडातल्या बाईला सातव्या महिन्यात मी एका आरोग्य केंद्रात घेऊन गेले होते. तिथे पहिला प्रश्न आला, गाव कोणतं? ती म्हणाली, आज इथे, उद्या पुढच्या जत्रेला. मग तुमच्या गावच्या आशाताईकडून नोंद करून आणा म्हणाले. तिचं गाव दीडशे किलोमीटरवर, तिथे ती वर्षातून चार महिने असते. शेवटी रक्तदाब बघितला, गोळ्या दिल्या, नोंद झाली नाही. नोंद नाही म्हणजे २०१७पासून चालू असलेल्या मातृवंदना योजनेचे पैसेही मिळायला कठीण. दवाखान्यातल्या बाई वाईट नव्हत्या. त्यांच्या रजिस्टरमध्ये चाकावर राहणाऱ्या बाईसाठी रकाना नव्हता, एवढंच.

आता कुणी म्हणेल, फडमालकाला धरा. धरलंच पाहिजे. पण विठाबाई स्वतःच फड चालवत होत्या हे विसरू नका. आजही अनेक फडमालक कर्जात आहेत. २०२० आणि २०२१ या दोन्ही वर्षी करोनामुळे जत्रा बंद राहिल्या, तेव्हा राहुट्या लागल्याच नाहीत आणि कलाकार बाया खुरपायला, कांदा काढायला आल्या. जत्रा कमिटी फडाचा भाव पाडते, मालक तो कलाकारांवर ढकलतो, कलाकारांमध्ये बाईवर सगळ्यात शेवटी. साखळीच्या या टोकाला मालक असला तरी त्या टोकाला कोण आहे? आपलं गाव आहे. देवाच्या नावाने वर्गणी गोळा करून सुपारी देणारे आपलेच दीर, सासरे, भाऊ आहेत. वर्गणी आपल्या घरातूनही जाते. मग त्या पैशात काय विकत घेतलं, हे विचारायचा हक्क आपल्याला आहे की नाही?

विठाबाई जानेवारी २००२मध्ये गेल्या. शेवटच्या आजारपणाचं दवाखान्याचं बिल लोकांनी दिलेल्या मदतीतून भागवावं लागलं. २००६पासून राज्य सरकार त्यांच्या नावाने तमाशा कलावंताला जीवनगौरव पुरस्कार देतं. त्यांच्या कन्या मंगला बनसोडे यांनाही तो मिळाला. पुरस्कार असावेत. पण जिचं बाळंतपण दगडाने झालं, तिच्या नावाने एखाद्या बाळंतिणीची सोय झाली असती तर मला जास्त समाधान वाटलं असतं.

म्हणून आजच्या शिबिरात चार गोष्टी ठरवाव्यात असं मी सुचवते. तुम्ही त्यात भर घाला, वाद घाला.

एक. आपापल्या गावच्या जत्रा कमिटीत या वर्षी निदान दोन बाया बसल्या पाहिजेत. हळदीकुंकवाच्या व्यवस्थेला नव्हे, सुपारी ठरवायच्या बैठकीला.

दोन. सुपारीच्या कागदावर गावाची जबाबदारी लिहायची. बायांना कपडे बदलायला बंद जागा, पाणी, संडास, खेळ संपेपर्यंत पोलीस किंवा गावचे जबाबदार लोक हजर. तिकीट काढलं म्हणजे गाणं ऐकायचा हक्क मिळाला, अंगावर हक्क मिळाला नाही, हे खेळाआधी माईकवरून सांगायचं. त्या जावाच्या पोरींनी हेच सांगितलं, आपण ते गावच्या सरपंचाच्या तोंडून वदवून घेऊ.

तीन. फड गावात असेल त्या दिवशी आशाताई आणि आपल्या मंडळाची एक बाई पालावर जाऊन येईल. कुणी गरोदर आहे का, कुणाच्या लेकराची लस राहिली आहे का, एवढं विचारायचं. आशाताईंवर आधीच कामाचा डोंगर आहे, म्हणून आपली बाई बरोबर हवी. आणि नोंद जिथे असेल तिथे व्हावी, तिचं गाव कुठलंही असो, यासाठी जुन्नर आणि आंबेगाव दोन्ही तालुक्यांच्या आरोग्य अधिकाऱ्यांना आपण सह्यांचं निवेदन देऊ.

चार. कामगार खात्याकडे मागणी करायची की फडांना हजेरीपट आणि नेमणुकीचा कागद सक्तीचा करा. सरकार फडांना अनुदान देतं, तेव्हा त्याबरोबर बाळंतपणाच्या रजेची अट घाला आणि त्या रजेचे पैसे मालकाच्या एकट्याच्या खिशातून न काढता सरकारने उचलावेत. नाहीतर मालक गरोदर बाईला घेणारच नाही आणि आपण तिचं भलं करायला जाऊन तिची उचल घालवू. फडातल्या बायांना न विचारता आपण यातलं काहीही करायचं नाही. निवेदनाचा मसुदा आधी त्यांना वाचून दाखवायचा.

मघाशी मागच्या बाजूने एक आजी म्हणाल्या, “आमच्या वेळी आम्हीपण शेतातच बाळंत झालो, कुणी सत्कार केला नाही.” आजी, तुमचं अगदी खरं आहे. भाताच्या खाचरात, जळणाला गेल्यावर डोंगरात, ऊसाच्या फडात किती बाया अशा बाळंत झाल्या असतील! विठाबाईंची गोष्ट लोकांना कळली कारण ती बोर्डावर घडली, समोर माणसं होती. तुमची कुणी पाहिली नाही. दोघींच्या हातात दगडच होता किंवा विळा होता.

येत्या पाडव्याला नारायणगावात पुन्हा राहुट्या लागतील. गावोगावच्या जीपगाड्या येतील, भाव फुटतील. आपल्या मंडळांच्या बाया त्या दिवशी तिथे असाव्यात आणि आपला सुपारीचा कागद त्यांच्या हातात असावा. आता गटात बसू. पहिल्या गटाने जत्रा कमिटीचा मुद्दा घ्यावा, दुसऱ्याने निवेदनाचा. वेळ पाऊण तास आहे.